बेसमेंटमध्ये ईव्ही नको अशी सोसायटीची नोटीस आलीय, आगीची भीती खरंच एवढी आहे का?

कासारवडवली

नमस्कार मंडळी. वर्षभर इथे नुसतं वाचतेय, आज पहिल्यांदा लिहितेय. आम्ही फेब्रुवारीत इलेक्ट्रिक गाडी बुक केली, पाडव्याला घरी आणायचं ठरलंय, आणि परवा सोसायटीच्या बोर्डावर नोटीस लागली की पुढच्या सर्वसाधारण सभेपर्यंत बेसमेंटमध्ये इलेक्ट्रिक गाडी लावायची नाही आणि चार्जिंगही करायचं नाही. आमचं पार्किंग नेमकं बेसमेंट दोनमध्ये आहे, बाहेर पाहुण्यांच्या चार जागा सोडल्या तर कुठेच जागा नाही. झालं काय तर ग्रुपवर कुणीतरी जळणाऱ्या गाडीचा व्हिडिओ टाकला, कुठला कधीचा काही पत्ता नाही, आणि त्या रात्री दीडशे मेसेज पडले.

मी कमिटीवर चिडलेली नाही, खरं सांगायचं तर व्हिडिओ बघून माझ्याही पोटात गोळा आला. रोज सकाळी पावणेसातला मुलीला शाळेत मीच सोडते, ती मागे बसते, तिला अजून सीटबेल्ट स्वतःचा स्वतः सोडता येत नाही नीट. सासूबाई म्हणाल्या, बुकिंगचे पैसे गेले तर गेले, रद्द करा. नवरा म्हणतो पेट्रोलच्या टाकीवर बसून इतकी वर्षं फिरलोच ना. दोघांचंही पटतं आणि त्यामुळे रात्री झोप लागत नाही.

मला विचारायचंय ते एवढंच. नुसती उभी असलेली गाडी पेटू शकते का? रात्रभर चार्जिंगला लावून आपण वर झोपायचं हे बरोबर आहे का? आणि बेसमेंटचा मुद्दा खरा आहे का? ज्यांनी गाडी वापरलीय किंवा ज्यांचं काम यातलं आहे त्यांनी सांगा. शोरूमवाल्याचं ऐकून झालंय, तो म्हणतो मॅडम शंभर टक्के सेफ, आणि कुणी शंभर टक्के म्हटलं की माझा विश्वासच बसत नाही.

चाकण_पॅकलॅब

ताई, मी नऊ वर्षं बॅटरी पॅकच्या टेस्टिंगमध्ये आहे. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर हो. उभी असलेली गाडी पेटू शकते. फार क्वचित होतं, पण होतं.

आम्ही लॅबमध्ये मुद्दाम पेटवतो. पॅकमध्ये अशा शेकडो छोट्या बॅटऱ्या असतात, त्यांना सेल म्हणतात, त्यातल्या एका सेलला हीटर लावायचा आणि जाड काचेमागे उभं राहून बघायचं. बराच वेळ काहीच होत नाही, सेल नुसता फुगत जातो, मग टक् असा बारीक आवाज येतो, तो व्हेंट, म्हणजे वायू बाहेर सोडायची जागा, फुटल्याचा, आणि पांढरा धूर सुटतो, शिट्टी व्हायच्या आधी कुकर जसा सूंऽऽ करतो तसा आवाज करत. आत काय होतं तर साधारण ८० ते १२० अंशांच्या दरम्यान ॲनोडवरचा, म्हणजे सेलच्या ऋण बाजूवरचा, संरक्षक थर मोडायला लागतो, १३० च्या आसपास दोन बाजूंना वेगळं ठेवणारा प्लॅस्टिकचा पातळ पडदा वितळतो, आतल्या आत शॉर्ट होतो आणि तिथून पुढे सेल स्वतःच स्वतःला तापवत जातो, बाहेरची वीज बंद केली तरी थांबत नाही. याला थर्मल रनअवे म्हणतात. एक सेल गेला म्हणजे सगळा पॅक गेला असं नाही बरं का, शेजारच्या सेलपर्यंत ती उष्णता पोचू न देणं हेच आमचं निम्मं काम आहे.

सुरुवात कशाने होते? कारखान्यातला दोष, खालून बसलेला मार, आत शिरलेलं पाणी, किंवा बीएमएस, म्हणजे बॅटरीवर लक्ष ठेवणारी इलेक्ट्रॉनिक यंत्रणा, नीट नसताना झालेलं ओव्हरचार्जिंग. कारखान्यातल्या दोषाचं मोठं उदाहरण म्हणजे अमेरिकेतली शेवरले बोल्ट ही इलेक्ट्रिक गाडी. सेलमधली ॲनोडची टॅब फाटलेली आणि तो प्लॅस्टिकचा पडदा दुमडलेला, हे दोन दोष एकाच सेलमध्ये एकत्र आले की आग. २०२१ मध्ये मिळून सुमारे १ लाख ४० हजार गाड्या परत बोलवायला लागल्या, आणि बॅटरी बदलून मिळेपर्यंत मालकांना सांगितलेलं की ९० टक्क्यांच्या वर चार्ज करू नका आणि गाडी घराबाहेर उघड्यावर लावा. म्हणजे तुमच्या कमिटीने जे केलं तसं खुद्द कंपनीनेही केलेलं आहे, फक्त एका ठराविक मॉडेलसाठी आणि कारण सांगून.

आपल्याकडे चारचाकीची पहिली गाजलेली केस जून २०२२ ची, वसईत नेक्सॉन ईव्ही जळली. तेव्हा टाटांनी सांगितलं होतं की चार वर्षांत ३० हजारांवर गाड्या मिळून १० कोटी किलोमीटर चालल्यात आणि हा पहिला प्रकार आहे. नंतर एप्रिल २०२३ मध्ये पुण्यात एक गाडी जळली, त्यात कंपनीचं म्हणणं असं आलं की बाहेरच्या गॅरेजमध्ये हेडलॅम्प बदलला होता आणि तिथल्या वायरिंगमधून सुरुवात झाली. ही दुसरी केस मी सगळ्यांना सांगतो, कारण पेट्रोलच्या गाड्या आपल्याकडे उन्हाळ्यात पेटतात त्यातही अशी बाहेरून केलेली वायरिंग पुष्कळदा असते. हॉर्न, फॉग लॅम्प, ॲम्प्लिफायर, काहीही बाहेरून जोडून घेऊ नका. मुलीच्या वाढदिवसाला आतले रंगीत दिवे सुद्धा नकोत.

आकड्यांचं म्हणाल तर स्वीडनच्या नागरी संरक्षण खात्याचे २०२२ चे आकडे बघा, दर लाख इलेक्ट्रिक आणि हायब्रिड गाड्यांमागे ३.८ आगी, आणि सगळ्या प्रकारच्या गाड्या धरल्या तर लाखामागे ६८. दुसऱ्या आकड्यात मुद्दाम लावलेल्या आगी पण आहेत आणि त्यात जुन्या गाड्याही भरपूर, त्यामुळे सरळ भागाकार करून अठरा पट सेफ असं मी म्हणणार नाही. पण पेट्रोलपेक्षा इलेक्ट्रिक जास्त पेटते हे कुठल्याच धड आकडेवारीत दिसत नाही.

तुम्ही कुठलं मॉडेल घेताय ते लिहिलं नाहीत. गाड्यांत मुख्यतः दोन प्रकारच्या लिथियम बॅटऱ्या येतात, एलएफपी (लोह-फॉस्फेटची) आणि एनएमसी (निकेल-मँगनीज-कोबाल्टची). एलएफपी बॅटरी असेल तर बरं. एनएमसीत २०० अंशांच्या थोडं वर गेलं की रनअवे जोर धरतो, एलएफपीत ते २७० च्या आसपास जातं आणि उष्णताही कमी निघते. पण एलएफपी पेटतच नाही असं कुणी सांगितलं तर ते खोटं आहे. तिच्या धुरात हायड्रोजनचं प्रमाण बरंच असतं, बंद जागेत तो साठला आणि ठिणगी मिळाली तर भडका उडतो. शोरूममध्ये केमिस्ट्री विचारा, नाही सांगता आलं तर ब्रोशर मागा.

सिंगलफेज

मी इलेक्ट्रिक कॉन्ट्रॅक्टर, डोंबिवली कल्याण पट्ट्यात काम करतो, मागच्या तीन वर्षांत सव्वाशे तरी चार्जिंग पॉइंट बसवलेत. वरच्या दादांनी बॅटरीचं सांगितलं ते त्यांचं क्षेत्र, मी भिंतीचं सांगतो, कारण मला जे जळलेलं दिसतं ते भिंतीत दिसतं, गाडीत नाही.

गेल्या मे महिन्यात एका सोसायटीतून फोन आला की गाडी मध्येच चार्जिंग बंद करते. गेलो तर पार्किंगच्या खांबावर एक १५ अँपिअरचा सॉकेट, पाण्याच्या पंपाच्या लाइनवरून ओढलेला. पिन काढायला गेलो तर निघेना. प्लॅस्टिक वितळून पिनेला चिकटलेलं, खालचं भोक तपकिरी पडून कोळशासारखं झालेलं, आणि तो वास, माशाच्या वासासारखा येतो बघा बॅकेलाइट जळताना, तो आठवडाभर येत होता म्हणे वॉचमनला, त्याला वाटलं उंदीर मेलाय. मागे वायर काढली तर २.५ चौ. मिमी.ची ॲल्युमिनियम, स्क्रू निम्मा सैल. शेजारी मीटर रूमचा लाकडी दरवाजा आणि त्यामागे जुने पेपर.

हे का होतं ते समजून घ्या. गाडीसोबत मिळणारा साधा चार्जर ३.३ किलोवॉटचा असतो, म्हणजे १४-१५ अँपिअर. गिझरही तेवढंच खातो, पण गिझर वीस मिनिटं चालतो आणि गाडी आठ-दहा तास सलग तेवढा करंट ओढते. सॉकेट जरा सैल असला तरी गिझरला चालून जातं, गाडीला नाही. त्यातून एक्स्टेंशन बोर्ड लावला आणि वायरचं वेटोळं तसंच ठेवलं तर वेटोळं आतून तापतं, हात लावून बघा एकदा.

तुमच्यासाठी सांगतो. ७.२ किलोवॉटचा वॉल बॉक्स घेणार असाल तर ३२ अँपिअरची स्वतंत्र लाइन थेट मीटरपासून, कॉपर, किमान ६ चौ. मिमी., आणि अंतर चाळीस-पन्नास मीटरच्या वर असेल तर १०. वेगळा एमसीबी, वेगळा ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी (करंट गळला की लाइन तोडणारा स्विच), आणि अर्थिंग स्वतःचं, बिल्डिंगच्या जुन्या पट्टीवर विसंबून नाही. मल्टीमीटर लावून न्यूट्रल आणि अर्थमधलं व्होल्टेज बघायचं, ५ च्या वर असेल तर मी काम पूर्ण झालं म्हणून सही करत नाही.

आणि एक गोष्ट हात जोडून सांगतो. अर्थिंग नसेल तर गाडी चार्जिंग घेत नाही, एरर दाखवते. मग लोक बाजारातून अर्थिंग बायपास म्हणून एक प्लग आणतात, त्यात न्यूट्रल आणि अर्थ जोडलेले असतात, गाडी फसते आणि चार्ज व्हायला लागते. गावाला गेल्यावर सर्रास वापरतात. न्यूट्रल कुठे तुटला तर गाडीच्या पत्र्यात करंट येऊ शकतो. मूल दाराला हात लावतं. नका वापरू, दहा किलोमीटरवर चार्जर असेल तर तिथे जा.

सचिव_वाकड

मी कमिटीच्या बाजूने लिहितो. आमच्या २१० फ्लॅटच्या सोसायटीत मी सचिव आहे, आणि दोन वर्षांपूर्वी आम्ही अगदी अशीच नोटीस काढली होती. भीती खोटी नव्हती. रात्री दोनला बेसमेंटमध्ये धूर झाला तर जिने आणि लिफ्टच्या डक्टमधून तो वर येणार, वरती ऐंशी वर्षांचे लोक राहतात, ऑक्सिजनवरचे एक आजोबा आहेत, आणि काही झालं तर पहिलं नाव कमिटीचं. विमा कंपनीला पत्र लिहिलं तर तीन महिने उत्तर नाही.

पण नोटिशीचा परिणाम काय झाला ते सांगतो. गाड्या आधीच घेतलेल्या सात जणांनी त्या काही विकल्या नाहीत. एकाने दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीतून वायर खाली सोडली, पावसात ती झाडावर घासत होती. दोघं लॉबीतल्या सॉकेटला रात्री उशिरा लावायचे आणि पहाटे काढायचे, म्हणजे बिल्डिंगमधून बाहेर पडायच्या वाटेवरच चार्जिंग चालू. आणि डिलिव्हरी करणारी पोरं स्कूटरच्या बॅटऱ्या काढून लिफ्टने वर नेऊन घरात लावतायत याकडे तर आमचं लक्षच नव्हतं. सप्टेंबर २०२२ मध्ये वसईत घरात चार्जिंगला लावलेल्या स्कूटरच्या बॅटरीचा स्फोट होऊन सात वर्षांचा मुलगा गेला, हे मला एका सभासदाने सभेत उभं राहून सांगितलं तेव्हा मी गप्प झालो. चारचाकीला बंदी घातली आणि जास्त धोक्याची गोष्ट बेडरूममध्ये जाऊ दिली.

मग ठराव बदलला. रॅम्पच्या तोंडाशी स्टिल्टमध्ये सहा जागा चार्जिंगला काढल्या, ज्यांच्या त्या जागा होत्या त्यांच्याशी अदलाबदल केली, यात चार महिने भांडणं झाली हे खरं. गाडी तिथे चार्ज करायची आणि मग आपल्या जागेवर न्यायची. स्कूटरसाठी गेटजवळ पत्र्याची शेड. बेसमेंटमध्ये लावायला बंदी नाही, पण अपघात झालेली किंवा खालून मार बसलेली गाडी वर्कशॉपमधून तपासून येईपर्यंत आत आणायची नाही. हे शेवटचं कलम आमच्या सभासदांपैकी एका निवृत्त अधिकाऱ्यांनी घालायला लावलं. ते इथे असतात अधूनमधून, त्यांना निरोप दिलाय.

निवृत्त_अग्निशमन

सचिवांनी निरोप दिला म्हणून लिहितो. ३१ वर्षं अग्निशमन दलात काढली.

बाई, तुमची कमिटी बेसमेंटबद्दल जे म्हणते ते समजून घ्या, कारण तो मुद्दा खरा आहे, मात्र तो सगळ्याच गाड्यांना लागू आहे. आमचा बंब बेसमेंटच्या रॅम्पवरून आत जात नाही, उंची नसते. जवान होज ओढत आत जातात, धुरात हात दिसत नाही. गाडी पेट्रोलची असो की बॅटरीची, आजच्या गाडीत प्लॅस्टिक आणि फोम इतका आहे की धूर तेवढाच काळा. २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये इंग्लंडात लुटन विमानतळाचं पार्किंग जळून कोसळलं, लोकांनी लगेच इलेक्ट्रिक गाडीवर खापर फोडलं, सुरुवात डिझेलच्या गाडीपासून झाली होती.

बॅटरीच्या आगीत वेगळं काय असतं ते सांगतो. विझायला वेळ लागतो. पावडरचा सिलिंडर ज्वाला खाली बसवेल पण पॅक थंड होत नाही, आणि थंड झाला नाही तर तासाने, कधी दुसऱ्या दिवशीही परत पेटतो. पाणीच लागतं, भरपूर लागतं, टेस्लाच्या बचाव पुस्तिकेत ११ हजार ते ३० हजार लिटरचा अंदाज दिलाय. आमच्या एका बंबात साधारण पाच-सहा हजार लिटर असतं, म्हणजे हिशोब करा. लिथियमवर पाणी टाकू नये असं काही लोक सांगतात, ते धातूच्या लिथियमबद्दल असतं, गाडीच्या बॅटरीला पाणीच योग्य. पॅक धातूच्या पेटीत बंद, वरून मारलेलं पाणी आत पोचत नाही म्हणून इतकं लागतं.

दुसरं म्हणजे तो पांढरा धूर. वाफ वाटते म्हणून लोक जवळ जातात, मोबाइल काढतात. ती वाफ नाही, पेट घेणारा आणि विषारी वायू आहे, त्यात कार्बन मोनॉक्साइड असतो, हायड्रोजन फ्लोराइड असतो. गाडीखालून फटफट किंवा सूं असा आवाज आणि पांढरा ढग दिसला की सिलिंडर शोधायचा नाही, गाडी हलवायची नाही, मुलांना घेऊन बाहेर, वारा ज्या बाजूने येतोय त्या बाजूला, आणि १०१ किंवा ११२ ला फोन करताना पहिल्या वाक्यात सांगायचं की इलेक्ट्रिक गाडी आहे आणि कुठल्या बेसमेंटला आहे. याउलट फक्त सॉकेट जळतोय, गाडीला काही नाही, तर मुख्य एमसीबी पाडा आणि मग जवळ सिलिंडर असेल तर वापरा.

आता कोरियाचं सांगतो, कारण प्रत्येक कमिटीने ते वाचायला हवं. १ ऑगस्ट २०२४, इंचॉन शहर, मोठी वसाहत, तळघरातल्या पार्किंगमध्ये उभी असलेली इलेक्ट्रिक मर्सिडीज पहाटे पेटली. चार्जिंगला नव्हती. आग विझायला आठ तास लागले, सुमारे १४० गाड्या जळाल्या किंवा खराब झाल्या, वीसच्या वर लोक धुरामुळे दवाखान्यात, शेकडो घरांची वीज आणि पाणी कित्येक दिवस बंद. सगळीकडे बातमी झाली ती बॅटरीची. पण चौकशीत निघालं की अलार्म वाजल्यावर तिथल्या कर्मचाऱ्याने स्प्रिंकलरची, म्हणजे छतातून आपोआप पाणी फवारणारी, यंत्रणाच बंद केली होती, नेहमीसारखा खोटा अलार्म असेल म्हणून. स्प्रिंकलरने पॅक विझला नसता, पण शेजारच्या गाड्या थंड राहिल्या असत्या आणि एका गाडीची आग एका गाडीपुरती राहिली असती.

म्हणून तुमच्या कमिटीला मी एकच विचारीन. महाराष्ट्र आग प्रतिबंधक कायदा २००६ चा, त्याप्रमाणे दर जानेवारी आणि जुलैत परवानाधारक एजन्सीकडून फॉर्म बी, म्हणजे आगीची यंत्रणा चालू स्थितीत असल्याचा दाखला, घ्यायचा असतो. तो आहे का, आणि तो देणारा माणूस खरोखर खाली उतरून पंप चालवून गेला होता का? मी असे पुष्कळ फॉर्म बघितलेत की ज्यावर सही आहे आणि पंपाला चार वर्षांचा गंज आहे.

नागपूर_ऊन

आमच्याकडे मे महिन्यात ४५ अंश. तीन उन्हाळे गाडी वापरतोय, रोजचे साठ-सत्तर किमी. काही झालं नाही, पण सवयी बदलल्या. उन्हात दोन तास उभ्या असलेल्या गाडीला लगेच फास्ट चार्जरवर लावत नाही, रात्री उशिरा घरी हळू चार्जिंग. एलएफपी आहे म्हणून आठवड्यातून एकदा १०० टक्के करतो, कंपनीनेच सांगितलंय, त्याशिवाय बीएमएसला सेल बॅलन्स करता येत नाहीत आणि किती चार्ज शिल्लक ते नीट कळत नाही. मित्राची एनएमसी आहे तो रोज ८० वर थांबवतो.

ताई एक लक्षात ठेवा, फास्ट चार्जिंग करून आलात की गाडी बंद केल्यावरही पंखा मोठ्याने घरघरत राहतो, कूलंट फिरत असतं. आमच्या वॉचमनने पहिल्यांदा ऐकलं तेव्हा धावत वर आला बोलवायला. वॉचमनला आधीच सांगून ठेवा कुठला आवाज नेहमीचा आहे, म्हणजे नेहमीचा नसलेला आवाज आला तर त्याला कळेल.

वाशिष्ठीकाठ

मी चिपळूणची. २२ जुलै २०२१ च्या पुरात आमची पेट्रोलची गाडी छपरापर्यंत बुडाली होती, आता मुलगा इलेक्ट्रिक घ्यायची म्हणतोय. पॅक आयपी६७ आहे म्हणतात, म्हणजे पाण्यात चालतं ना? तुम्ही ठाण्याचे, तुमचंही बेसमेंट दोन, पंप बंद पडला तर पाणी भरणार, म्हणून इथेच विचारते.

चाकण_पॅकलॅब

ताई, आयपी६७ म्हणजे एक मीटर पाण्यात अर्धा तास. पावसात चालवणं, रस्त्यावर साचलेल्या पाण्यातून जाणं याला काही नाही. रात्रभर बुडालेल्या गाडीला ती हमी लागू नाही, आणि तुमच्याकडे पाणी दिवसभर उतरलं नव्हतं. सगळ्यात वाईट खारं पाणी. २०२२ मध्ये फ्लोरिडात इयन वादळानंतर समुद्राच्या पाण्यात बुडालेल्या गाड्या पाणी ओसरल्यावर काही दिवसांनी पेटल्या होत्या, मीठ मागे राहतं, त्यातून आत हळूहळू करंट वाहत राहतो. तुमच्याकडे भरतीचं पाणी आत येतं म्हणून सांगतो, पुराचा इशारा आला की पहिली गाडी उंचावर न्या, बुडालीच तर चालू करू नका, चार्जिंगला तर मुळीच लावू नका, फ्लॅटबेड (गाडी पाठीवर घेऊन जाणारा ट्रक) मागवून उघड्यावर ठेवा, घरापासून आणि इतर गाड्यांपासून पंधरा मीटर तरी लांब. वर्कशॉपमध्ये पॅक उघडून बघितल्याशिवाय परत वापरायची नाही.

आणि कासारवडवली ताई, अग्निशमनवाल्या काकांनी सांगितलं त्यात एक भर घालतो. एआयएस-०३८ हे आपलं चारचाकीचं बॅटरी सुरक्षेचं मानक, त्याची नवी आवृत्ती दोन टप्प्यांत लागू झाली, १ डिसेंबर २०२२ आणि ३१ मार्च २०२३. त्यात एक सेल पेटवून बघतात, आणि आत बसलेल्यांना धोका पोचायच्या किमान पाच मिनिटं आधी गाडीने सूचना द्यायला हवी. चीनने १ जुलै २०२६ पासूनच्या मानकात त्याहून कडक अट घातलीय, पॅकला आग लागायलाच नको, आणि त्यात खालून मार बसल्याची वेगळी चाचणी पण आहे. आपल्या रस्त्यांना ही खालच्या माराची चाचणी फार गरजेची आहे असं मला मनापासून वाटतं. स्पीडब्रेकरला किंवा दगडाला खालून घासल्याचा आवाज आला तर तसंच सोडून देऊ नका, वर्कशॉपमध्ये लिफ्टवर चढवून बघायला सांगा, पोचा आला असेल तर फोटो काढून लेखी नोंद घ्या.

पाच मिनिटं तुम्हाला पुरेशी आहेत, पण त्यासाठी मागचं दार विजेशिवाय कसं उघडतं ते माहीत हवं. डिलिव्हरीच्या दिवशी सगळ्यात आधी ते विचारा आणि मुलीकडून दोनदा उघडून घ्या. सीटबेल्टचंही तसंच. चाइल्ड लॉक लावलं असेल तर दार आतून उघडत नाही हे लक्षात ठेवून.

कासारवडवली

सगळ्यांचे खूप खूप आभार. हे सगळं मी सासूबाईंना मोठ्याने वाचून दाखवलं, काकांचा पांढऱ्या धुराचा भाग त्यांनी परत वाचायला लावला. बुकिंग ठेवतोय. मॉडेल एलएफपीचं आहे, ब्रोशरमध्ये सापडलं. मुलीला सीटबेल्ट सोडायची प्रॅक्टिस आत्ताच्या गाडीत सुरू केलीय, आज चौथ्यांदा जमलं तिला.

काल संध्याकाळी अध्यक्ष, मी आणि वॉचमन असे तिघं खाली पंप रूममध्ये गेलो. फॉर्म बी फाइलला आहे, जानेवारीचा, शिक्का सही सगळं आहे. पण पॅनलवरचा स्विच ऑटोवर नव्हता, मॅन्युअलवर होता. वॉचमन म्हणाला कुठेतरी पाइप गळतो, प्रेशर उतरलं की पंप आपोआप रात्रीचा सुरू होतो आणि पहिल्या मजल्यावरचे ओरडतात, म्हणून दिवाळीपासून असाच ठेवलाय. बेसमेंट दोनच्या स्प्रिंकलरचा व्हॉल्व्ह पण पूर्ण बंद होता, साखळी घालून. अध्यक्ष काही बोललेच नाहीत बराच वेळ. मग म्हणाले उद्या एजन्सीला बोलावतो, आणि नोटीस सभेपुढे घेऊ, तुम्ही ते वाकडचे ठराव मागवा.

सचिवसाहेब, ठरावाची प्रत मिळेल का? आणि सिंगलफेज दादा, मीटर रूमपासून रॅम्पपर्यंत पावलांनी मोजलं तर साधारण पंचावन्न मीटर भरतंय, १० ची वायर लागेल ना, आणि आमचा मंजूर लोड ५ किलोवॉट आहे तो वाढवावा लागेल का?

निवृत्त_अग्निशमन

व्हॉल्व्ह आजच उघडा, एजन्सीची वाट बघू नका. साखळी हवीच, पण व्हॉल्व्ह उघडा असताना घातलेली. पाइप गळतो तिथे तात्पुरती क्लॅम्प मारून घ्या आणि पॅनल ऑटोवर ठेवा, पहिल्या मजल्यावाल्यांना आवाजाचं मी येऊन समजावीन हवं तर. प्रेशर गेजचा फोटो इथे टाका, काटा कुठे आहे ते बघू.

सिंगलफेज

हो, १० चीच घ्या. ५ किलोवॉटवर ७.२ चा बॉक्स आणि घरचा एसी एकदम चालणार नाही. घरच्या मीटरचा लोड वाढवण्यापेक्षा महावितरणकडे ईव्हीसाठी वेगळं मीटर मागा, दर वेगळा लागतो आणि लाइनही स्वतंत्र राहते. अर्जासोबत सोसायटीचं ना-हरकत पत्र मागतील, म्हणून ठराव आधी करून घ्या. अर्थिंगचा खड्डा कुठे घेता येईल ते बघायला रविवारी येतो, रॅम्पच्या बाजूला माती आहे की सगळं काँक्रीट तेवढं आज बघून ठेवा.